गहाण आणि उंबरठा

घेतलेले कर्ज फेडणे हे कर्तव्य आहे, याविषयी आमच्या मनात संदेह नाही. बँकेच्या तिजोरीतील रक्कम कुणा एका धनिकाची नसते. निवृत्त शिक्षकाची, विधवेची, मुलीच्या लग्नासाठी पै-पै साठवणाऱ्या मजुराची ती ठेव असते. ऐपत असूनही जो कर्ज बुडवतो, तो या साऱ्यांच्या ताटातले काढून घेतो. आणि त्यासाठी न्यायालयात तारखांमागून तारखा मागत राहणे ही त्याच चोरीची सभ्य रीत होय. हे सारे मान्य केल्यावरही एक प्रश्न उरतोच : धनकोच्या हक्काला काही सीमा आहे काय?

पवित्र शास्त्रातील अनुवाद या ग्रंथाचा चोविसावा अध्याय या प्रश्नाचे अत्यंत व्यवहारी उत्तर देतो. गहाण घेण्यासाठी धनकोने ऋणकोच्या घरात शिरू नये. बाहेर थांबावे आणि ऋणकोने ते स्वतः आणून द्यावे. जाते गहाण घेऊ नये. गरिबाचे पांघरूण सूर्यास्ताला परत करावे. येथे कर्ज माफ झालेले नाही, हे ध्यानी घ्यावे. मात्र कर्जदाराचा उंबरठा, त्याची भाकरी आणि त्याची झोप या तीन गोष्टी वसुलीच्या कक्षेबाहेर ठेवल्या आहेत.

आपल्या देशातील कायद्यालाही ही दृष्टी परकी नाही. १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेतील कलम ६० अंगावरचे कपडे, स्वयंपाकाची भांडी, अंथरूण, कारागिराची हत्यारे व शेतकऱ्याची अवजारे जप्तीतून वगळते. व्याज मुद्दलापेक्षा अधिक होऊ नये, हा दामदुपटीचा नियम तर आपल्या पूर्वजांचाच. २००२ च्या सरफेसी कायद्याने बँकांना न्यायालयात न जाता तारण मालमत्तेचा ताबा घेण्याचा अधिकार दिला. परंतु त्यातही साठ दिवसांची नोटीस बंधनकारक आहे, कर्जदाराच्या हरकतीला उत्तर द्यावे लागते आणि शेतजमिनीला हा कायदा लागू होत नाही.

मग अन्याय होतो कोठे? आमच्या मते, सीमा लिहिलेली असते, पण ती राखणारा दुर्बळ किंवा मिंधा असतो, तेथे. बुलढाणा जिल्ह्यातील खामगावचे प्रकरण या दृष्टीने मननीय आहे. २००६ साली एका शेतकऱ्याने आमदाराच्या कुटुंबाविरुद्ध अवैध सावकारीची तक्रार केली. तेव्हा मुख्यमंत्री विलासराव देशमुख यांच्या कार्यालयातून पोलीस ठाण्यात दूरध्वनी गेला : गुन्हा थेट नोंदवू नये, आधी समितीकडे पाठवावे. त्या दूरध्वनीची नोंद ठाण्याच्या दैनंदिनीत झाली, आणि तीच पुढे पुरावा ठरली. उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने शासनाला पंचवीस हजारांचा दंड केला. शासन सर्वोच्च न्यायालयात गेले. १४ डिसेंबर २०१० रोजी त्या न्यायालयाने तो दंड दहा लाखांवर नेला आणि ती रक्कम गरीब शेतकऱ्यांच्या कायदेशीर साहाय्यासाठी राखून ठेवण्यास सांगितले. २०१४ साली राज्यात सावकारीचा नवा कायदा आला. सावकाराने बळकावलेली जमीन परत मिळवण्याची वाट त्यात आहे.

या प्रकरणातून आम्हांला एक गोष्ट उमगते. कर्जदाराला दया हवी असते, हे खरे. पण त्याआधी त्याला ऐकून घेणारा हवा असतो. गरीब माणूस नोटीस आली की लाजेने ती पेटीत दडवतो. साठ दिवस निघून जातात आणि मग दारात ताबा घेणारे उभे राहतात. तो बेइमान नसतो, एकटा असतो.

म्हणून आमच्या धर्मग्रामातील कुटुंबांना आमचे सांगणे साधे आहे. जामीनदार म्हणून सही करण्यापूर्वी कागद पूर्ण वाचावा. जामीन राहणे म्हणजे कर्ज आपल्या माथी घेणेच होय. नोटीस आल्यास मुदतीत लेखी उत्तर द्यावे, बँकेशी बोलावे, तालुक्याच्या विधी सेवा समितीकडे जावे. आणि ज्यांना कर्जाची झळ नाही, त्यांनी ख्रिस्ताच्या दाखल्यातील तो दास आठवावा, ज्याने स्वतःचे प्रचंड कर्ज माफ करून घेतले आणि बाहेर पडताच सोबत्याची नरडी धरली. शेजाऱ्याच्या घरावर जप्तीची नोटीस लागली की आपण चर्चा कोणत्या शब्दांत करतो, हे त्या दाखल्याशी ताडून पाहावे. त्याच्या घरी जाऊन ती नोटीस त्याला वाचून दाखवणे, एवढी सेवा तर कुणालाही करता येईल.