घराचे मोल आणि गहाण पडलेली वर्षे

घर कितीला घेतले, असे विचारले म्हणजे मनुष्य चटकन आकडा सांगतो. चाळीस लाख, पन्नास लाख. तो आकडा खोटा नसतो, पण पुरता खराही नसतो. तो विकणाऱ्याला मिळालेला आकडा. घेणाऱ्याने काय दिले, हे त्याचे त्यालाच ठाऊक नसते, कारण देणे अजून सरलेले नसते. प्रपंचात राहून परमार्थ साधू म्हणणाऱ्याने निदान प्रपंचाचा हिशेब तरी सरळ ठेवावा. म्हणून ह्या लेखात घरासाठी काढलेल्या कर्जाचा विचार करावयाचा आहे. कर्ज काढूच नये, असे सांगण्याचा हेतू नाही. पुण्या-मुंबईकडे पगारदार माणसाला कर्जावाचून घर होणे आज बहुधा अशक्यच. प्रश्न निराळा आहे. कर्ज काढताना आपण नेमके काय गहाण टाकतो, आणि ते टाकण्याचा आपल्याला अधिकार किती?

प्रथम आकडे पाहू. कंटाळा करू नये; ज्याला सही करायची आहे त्याने इतके तरी वाचलेच पाहिजे.

समजा, एका गृहस्थाने ३० लाख रुपये दरसाल साडेआठ टक्क्यांनी, २० वर्षांच्या मुदतीने घेतले. त्याला महिन्याला सुमारे २६,०३५ रुपये हप्ता बसतो. असे २४० हप्ते म्हणजे एकंदर ६२ लाख ४८ हजार. मुद्दल ३० लाख, व्याज ३२ लाखांच्या वर. एक घर घेतले आणि दोन घरांचे पैसे दिले, असे म्हणा ना!

पण खरी गोम ह्याच्या आत आहे. पहिल्या हप्त्याच्या २६,०३५ रुपयांपैकी २१,२५० रुपये व्याजात जातात. मुद्दलात पडतात ४,७८५. पहिल्या सबंध वर्षात तीन लाख बारा हजार भरून मुद्दल कमी होते ते साठ हजारांच्या आतच. दहा वर्षे झाली, अर्धी मुदत संपली. गृहस्थाने ३१ लाख २४ हजार भरले. म्हणजे घेतले त्याहून अधिक परत केले. आणि बाकी किती? सुमारे २१ लाख! अर्धे मुद्दल फिटायला तेरा वर्षे दहा महिने लागतात. ह्यात कोणी लबाडी केलेली नाही. दर महिन्याला जेवढी बाकी, तेवढ्यावर व्याज. बाकी आरंभी मोठी, म्हणून व्याजही आरंभी मोठे. गणित सरळ आहे. आपण ते मांडून पाहत नाही, एवढेच.

आता मुदतीचे पाहा. हप्ता जड वाटतो म्हणून तोच गृहस्थ ३० वर्षांची मुदत मागतो. हप्ता २३,०६७ रुपयांवर येतो. महिन्याला तीन हजारांच्या आतबाहेर सुटका. गृहस्थ म्हणतो, “झाले! कसा हलका केला!” पण एकंदर देणे ८३ लाखांवर गेले. महिन्याच्या तीन हजारांसाठी त्याने २० लाखांहून अधिक रुपये आणि आयुष्याची दहा वर्षे जास्तीची दिली. उलट १५ वर्षांत फेडायचे ठरविले असते, तर हप्ता २९,५४२ बसता आणि एकंदर देणे ५३ लाखांवर थांबते. डोक्यावरचा भार हलका करावा आणि वाट दुप्पट करून घ्यावी, तसा हा प्रकार.

येथे कोणी म्हणेल, “मग व्याज घेणारा पापी ठरला की नाही?” इतकी घाई करू नये. आपल्या धर्मशास्त्रकारांनी व्याज सरसकट निषिद्ध मानलेले नाही. त्याला मर्यादा घातली. दामदुप्पट म्हणतात तो नियम असा : एका वेळी वसूल करावयाचे थकलेले व्याज मुद्दलाहून अधिक असू नये. मुंबई इलाख्यातील न्यायालयांनी इंग्रजी अमदानीतही तो नियम मानला. वरच्या हिशेबात व्याज मुद्दलापेक्षा जास्त झाले खरे, पण ते एका वेळी थकलेले नाही. महिन्याच्या महिन्याला दिले गेले. तेव्हा तो नियम येथे लागू पडत नाही. मात्र त्याच्या मागची दृष्टी घेण्यासारखी आहे. ऋणकऱ्याच्या पाठीवर किती ओझे चढले, हे कोणीतरी थांबून मोजले पाहिजे, अशी ती दृष्टी.

हे मोजणे झाले नाही म्हणजे काय होते, ह्याचा दाखला आपल्याच मुलखात आहे. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातील सुपे येथे शेतकरी सावकारांवर उठले. त्यांचा मुख्य राग कागदांवर होता. खते आणि चोपड्या त्यांनी हिसकावून जाळल्या. पुढे १८७९ साली दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कायदा झाला. खतावर लिहिलेल्या आकड्यापाशी न थांबता व्यवहार मुळापासून तपासण्याचा अधिकार त्याने न्यायाधीशाला दिला. आकडा लिहिलेला असतो तो एक, आणि व्यवहार झालेला असतो तो दुसरा, हे त्या कायद्याने ओळखले.

आजच्या ऋणकऱ्याची स्थिती त्या शेतकऱ्यासारखी नाही, हेही प्रामाणिकपणे सांगितले पाहिजे. त्याला लिहितावाचता येते. १ ऑक्टोबर २०२४ पासून मंजूर होणाऱ्या अशा कर्जांत सर्व खर्च धरून वार्षिक दर किती पडतो, हे एका पत्रकात लिहून देणे रिझर्व्ह बँकेने बँकांना बंधनकारक केले आहे. शिवाय पैशाचे मोल घटत जाते. महागाई वर्षाला पाच टक्के धरली, तर विसाव्या वर्षी भरलेले २६,०३५ रुपये आजच्या दहा हजारांच्या आतच भरतात. भाड्याने राहिला असता तर भाडे गेलेच असते, आणि तेही वाढत वाढत. त्यामुळे ३२ लाख व्याज म्हणजे निव्वळ नुकसान, असे म्हणणारा अर्धाच हिशेब मांडतो. बँक आपल्याला काही देते, आणि जे देते त्याला मोल आहे. म्हातारपणी मिळणारे छप्पर ती तरुणपणी देते. लेकरे लहान असताना घर मिळते. त्याचे मोल घेणे हा अधर्म नव्हे.

मग अडचण कुठे आहे? पैशात नाहीच. पैसा हे नुसते माप आहे. हप्ता कशातून निघतो? पगारातून. पगार कशातून? श्रमातून. श्रम म्हणजे आयुष्याचे दिवस. तेव्हा घर गहाण ठेवले असे आपण म्हणतो, तरी घराच्या जोडीला न जगलेली वर्षेही गहाण पडतात. जुन्या व्यवहारात ताबेगहाण असे, आणि नजरगहाण असे. ताबेगहाणात जमीन सावकाराच्या ताब्यात जाई आणि पीक तो खाई. नजरगहाणात वस्तू ऋणकऱ्यापाशीच राही, पण तिच्यावर सावकाराची नजर असे. आजचे घरकर्ज कागदोपत्री नजरगहाणाच्या जातीचे आहे. घरात आपण राहतो, पंखा आपण लावतो, तुळस आपण घालतो. मूळ दस्त मात्र बँकेच्या तिजोरीत. पण आयुष्याच्या बाजूने पाहिले तर ते ताबेगहाण होते. आपल्या दिवसांचे पीक महिन्याच्या पाच तारखेला दुसरीकडे जाते.

ह्याचे परिणाम चोपडीत कुठेच लिहिलेले नसतात. कचेरीत वरिष्ठ खोटे करायला सांगतो. मन ‘नको’ म्हणते, पण जीभ उचलत नाही. का? हप्ता. आई गावाकडे आजारी आहे, महिनाभर जाऊन राहावेसे वाटते. बिनपगारी रजा परवडत नाही. का? हप्ता. आषाढीला पायी वारी करावी असे दहा वर्षे मनात आहे. अठरा-वीस दिवस कुठून काढायचे? ज्या नोकरीत जीव रमत नाही ती सोडवत नाही, कारण २००२ च्या कायद्यान्वये हप्ते नव्वद दिवस थकले की बँक खाते बुडीतकडे झुकलेले मानू शकते, साठ दिवसांची नोटीस देऊ शकते, आणि पुढे दिवाणी दावा न लावताही घराचा ताबा घेण्याच्या मार्गाला लागू शकते. ही भीती खरी आहे, काल्पनिक नाही. सत्य बोलण्याची ताकद, सेवेला लागणारा वेळ आणि मनाचा मोकळेपणा ह्या तिन्ही वस्तू व्याजाच्या कोष्टकात येत नाहीत. आणि खरा खर्च तर तिथेच होतो.

आणखी एक गोष्ट. हे वचन द्यायचे ते कोणाच्या वतीने? तिशीतला मनुष्य सही करतो. हप्ते भरायचे असतात पन्नाशीतल्या माणसाला. त्याची प्रकृती, त्याची नोकरी, त्याच्या घरची माणसे, ह्यांपैकी सही करणाऱ्याला काय ठाऊक आहे? पन्नाशीतला मनुष्यही मीच, असे म्हणून चालत नाही. आपण दुसऱ्याच्या खांद्यावर ओझे ठेवताना जेवढा विचार करतो, तेवढा तरी आपल्याच उद्याच्या खांद्याविषयी करायला नको काय? त्यातून दरही स्थिर नसतो. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ ह्या नऊ-दहा महिन्यांत रिझर्व्ह बँकेचा रेपो दर ४ टक्क्यांवरून साडेसहावर गेला. समजा कोणी ३० लाख ७ टक्क्यांनी, वीस वर्षांसाठी घेतले, वर्षभर हप्ते भरले, आणि दर साडेनऊ झाला. त्याचा २३,२५९ रुपयांचा हप्ता तोच ठेवला, तर महिन्याला शंभर रुपयेसुद्धा मुद्दलात पडत नाहीत. सगळा हप्ता व्याजच खाते. हप्ता वाढला नाही म्हणून गृहस्थ खुशीत, आणि मुदत मात्र गुपचूप निवृत्तीच्या पलीकडे गेलेली! ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेला सांगावे लागले की, दर बदलला तर हप्ता वाढवायचा की मुदत, ह्याची निवड ऋणकऱ्याला द्या. पुढे २०२५ मध्ये दर उतरले. पण उतरले तरी आपली मुदत उतरली की नाही, हे पुष्कळांनी जाऊन विचारलेले नाही.

ह्यावर कोणी भाविक म्हणतो, “अहो बुवा, आमच्या तुकोबारायांनी खते इंद्रायणीत बुडविली. आम्ही हे आकडे कशाला मांडत बसावे?” हे चरित्र नीट ध्यानात घेतले पाहिजे. तुकोबांच्या घरी महाजनकी होती, सावकारी होती. वैराग्य आल्यावर त्यांनी घरातल्या खतांचे दोन वाटे केले. धाकटे बंधू कान्होबा ह्यांचा वाटा त्यांना दिला, आणि आपल्या वाट्याची खते नदीत सोडली, असे परंपरा सांगते. म्हणजे बुडविली ती येणी, देणी नव्हेत. लोकांकडून यावयाचे सोडून देणे हे वैराग्य. लोकांचे द्यावयाचे बुडविणे ही चोरी. कान्होबांचा वाटा त्यांनी बुडविला नाही, हेही महत्त्वाचे. जे आपले त्याचाच त्याग करता येतो. बायकोचा पगार, म्हाताऱ्या बापाची सही, मुलाची पुढची दहा वर्षे, ही आपली एकट्याची नव्हेत. त्यांचे दान जसे करता येत नाही, तसे त्यांना न विचारता गहाणही टाकता येत नाही.

शास्त्राने माणसाला जन्मतःच ऋणी म्हटले आहे : देवऋण, ऋषिऋण, पितृऋण. त्या ऋणांना व्याज नाही, आणि ती फेडताना मनुष्य मोठा होतो. बँकेच्या ऋणाने मात्र ही तिन्ही फेडायची राहून जाऊ लागली, तर घर महाग पडले असे समजावे, मग दर कितीही स्वस्त असो. ती फेडण्यापुरता वेळ, बळ आणि मोकळे मन ज्या कर्जाने शिल्लक राहते, ते कर्ज गृहस्थाश्रमाला शोभते. किती कर्ज घ्यावे, ह्याला माझ्या मते हीच कसोटी. बँक किती देते हे विचारू नये. बँक आपला पगार पाहते, आपला धर्म पाहणे तिचे काम नव्हे.

व्यवहाराच्या तीन गोष्टी सांगून पुरे करतो. पहिली : सही करण्याआधी हप्त्याचा आकडा विसरून एकंदर देण्याचा आकडा कागदावर लिहावा, आणि घरातल्या सर्वांना, ज्यांचे दिवस त्यात जाणार त्यांना, एकत्र बसवून तो वाचून दाखवावा. वास्तुशांतीच्या आधी ही शांती व्हावी. कोणाचा चेहरा उतरला तर घर थोडे लहान बघावे. दुसरी : वर्षाला एक हप्ता अधिक भरता आला तर भरावा. वरच्या पहिल्या हिशेबात तेवढ्यानेच कर्ज तीन वर्षांहून अधिक आधी फिटते आणि सुमारे सहा लाख रुपये व्याज वाचते. बदलत्या दराच्या घरकर्जावर मुदतीपूर्वी फेडीचा दंड घेण्यास बँकांना २०१२ पासून मनाई आहे. लग्नाकार्यातला एखादा दिखाऊ खर्च वगळला तरी हा हप्ता निघतो. तिसरी : वर्षातून एकदा, दिवाळी-पाडव्याला व्यापारी चोपडी पूजतो तसे, बँकेकडून उतारा आणून बाकी किती, दर किती, मुदत किती उरली हे पाहावे. भीतीने पाहू नये, पण पाहावे.

कर्ज फिटल्यावर बँक मूळ दस्त परत करते. त्या दिवशी गहाण पडलेला कागद सुटतो. गेलेली वर्षे कोणी परत करीत नाही. म्हणून सही करतानाच विचारावे, ती वर्षे ज्याच्यासाठी खर्चिली ते आपल्या हाती राहील ना? भिंती राहतील, ह्यात शंका नाही. माणसे एकमेकांना धरून राहतील, खरे बोलण्याची हिंमत राहील, आणि दारी आलेल्याला पाणी विचारण्याइतकी फुरसत राहील, तर ते घर, दुप्पट पैसे देऊनही, स्वस्तच पडले.