दुसऱ्याचे गुण पाहणारी नजर

२००६ साली ‘रंग दे बसंती’ हा चित्रपट आला. त्यात माहितीपटासाठी ऑडिशन देणाऱ्यांमध्ये एक तरुण चेहरा क्षणभर दिसतो. तो अभिषेक बॅनर्जी यांचा. पुढे कितीतरी वर्षं ते कास्टिंग डायरेक्टर म्हणून कॅमेऱ्याच्या मागे राहिले आणि इतरांसाठी भूमिका शोधत राहिले.

ऑडिशनच्या खोलीत समोरचा घाबरलेला असतो, तोंडपाठ संवादही विसरतो. त्याला धीर द्यायचा, समोरच्या पात्राचे संवाद स्वतः म्हणायचे आणि त्याच्यातलं उत्तम बाहेर काढायचं, हे या कामाचं मर्म.

मग २०१८ मध्ये ‘स्त्री’ चित्रपटात त्यांनी साकारलेला भाबडा जना आला. २०२० मध्ये ‘पाताल लोक’ या वेब मालिकेतला हथोडा त्यागी आला, जवळपास मुका, फक्त डोळ्यांनी बोलणारा. दोन्ही टोकं एकाच नटाची!

मला वाटतं, दुसऱ्याचे गुण मनापासून पाहताना आपली स्वतःची जाणही वाढत जाते. इतरांना दिलेला वेळ वाया जात नाही. आज कामावर, घरी, एखाद्याचा गुण तुमच्या नजरेस पडेल. तो त्याला आवर्जून सांगा.