नव्याण्णव येतील, हे तुला सांगितलं कोणी?

तो मोबाइल आधी खाली ठेव आणि इकडे बघ. काल रात्रीपासून कॅटच्या त्या पर्सेंटाइल प्रेडिक्टरमध्ये तेच आकडे फिरवून फिरवून भरतोयस. एकदा ९८.७ आलं, ते आवडलं नाही. मग व्हीएआरसीमध्ये, म्हणजे भाषेच्या विभागात, दोन गुण वाढवलेस, ९९ दिसलं, त्याचा स्क्रीनशॉट काढलास आणि ग्रुपवर टाकलास. याला अंदाज म्हणत नाहीत. मनासारखं उत्तर येईपर्यंत गणित बदलत राहणं म्हणतात, आणि गणिताच्या वहीत असं करताना सापडला असतास तर मी पान फाडलं असतं.

आयआयएमच्या प्रवेशाची ती कॅट झाली त्या रविवारी संध्याकाळी तू मला फोन केलास. मी काही विचारायच्या आत म्हणालास, "सर, सेहेचाळीस अटेम्प्ट झाले, ऐंशी टक्के ॲक्युरसी धरली तर एकशे दोन." हिशेब बरोबर होता. ३७ बरोबर, ९ चूक, १११ वजा ९. पण ते ऐंशी टक्के आणलेस कुठून? एखाद्या सरावाच्या मॉकमध्ये कधीतरी आली असेल ऐंशी टक्के. ती तुझ्या आयुष्यातली सर्वांत चांगली दुपार होती आणि तू ती रोजची धरून चाललास. त्याच आकड्यावर वडिलांना सांगून टाकलंस की नव्याण्णवच्या वर नक्की. ते सांगलीत बँकेत जाऊन शैक्षणिक कर्जाची चौकशी करून आले. बाजारात तुरी आणि भट भटणीला मारी, ही म्हण तू शाळेत पाठ केली होतीस ना?

आता रिस्पॉन्स शीट आली आहे. उत्तरसूची आली आहे. काल दुपारी आपण दोघांनी शेजारी बसून एकेक प्रश्न ताडून पाहिला. बरोबर २६. चुकलेले २०, त्यातले ६ टीटाचे, म्हणजे पर्याय नसलेले, उत्तर टाइप करायचे, म्हणून त्यांचा एकेक गुण गेला नाही, एवढीच मेहेरबानी. २६ त्रिक ७८, त्यातून १४ गेले, चौसष्ट. एकशे दोन आणि चौसष्ट! अडतीस गुणांची चूक २०४ गुणांच्या पेपरात. कमी गुण पडले म्हणून मी तुला बोलत नाहीये. कठीण पेपर आहे, कुणालाही कमी पडू शकतात. बोलतोय यासाठी की दोन तास स्वतः सोडवलेल्या पेपरातलं आपल्याला काय येत होतं आणि काय येत नव्हतं, हे तुला कळलंच नाही.

तुझ्या चुका कुठे झाल्या ते बघ, कारण त्या तीन ठिकाणी तीन वेगळ्या तऱ्हेने झाल्या आहेत.

डीआयएलआरमध्ये, म्हणजे आकडेवारी आणि तर्काच्या विभागात, तू तीन सेट सोडवलेस, चार-चार प्रश्नांचे. बारा प्रश्न, त्यातले दहा बरोबर असं तू धरलंस. पण डीआयएलआरचे प्रश्न सुटे सुटे चुकत नाहीत रे. दुसऱ्या सेटमध्ये अट होती 'किमान दोन' आणि तू वाचलंस 'दोन'. तिथून टेबल बिघडलं आणि त्या टेबलावरची चारही उत्तरं गेली. तुझ्या हिशेबात त्या सेटचे १२ गुण होते, प्रत्यक्षात पडले उणे २. एका शब्दापायी चौदा गुणांचा फरक. म्हणून सेटचा अंदाज करायचा तो आख्ख्या सेटचा करायचा: टेबल सगळ्या अटींवर पुन्हा तपासलं होतं का? तपासलं असेल तर बारा धर. नसेल तर धरू नकोस. तू तपासलं नव्हतंस. वेळ नव्हता हे मला ठाऊक आहे, चाळीस मिनिटांत कुणाला वेळ असतो? पण वेळ नव्हता म्हणून तपासलं नाही, तर ते बारा गुण खात्रीच्या खात्यात टाकायचा अधिकारही तुला नव्हता.

क्वांटमध्ये, म्हणजे गणितात, चौदा सोडवलेस, नऊ बरोबर. तिथे तुझा युक्तिवाद मला फार झोंबला. म्हणालास, "सर, माझं उत्तर पर्यायांत होतं." अरे, पर्याय बनवणारा माणूस काय डोळे मिटून बसलेला असतो? x गुणिले y बरोबर १२, तर पूर्णांकांच्या किती जोड्या, असं विचारलं की तू १, २, ३, ४, ६, १२ असे विभाजक मोजतोस, सहा जोड्या लिहितोस आणि खाली पर्यायांत ६ दिसला की सुटकेचा नि:श्वास टाकतोस. प्रश्नात 'पूर्णांक' म्हटलंय, 'धन पूर्णांक' नव्हे. ऋण जोड्या धरल्या की बारा. सहा हा पर्याय तिथे ठेवलाय तो तुझ्यासारख्या घाईवाल्यासाठी. घाईत जी चूक होणार तिचं उत्तर पर्यायांत हमखास असतं. उत्तर पर्यायांत सापडलं हा पुरावा नाही. मित्राचं आणि तुझं उत्तर जुळलं हाही पुरावा नाही. तुम्ही दोघं एकाच बाकावर बसून एकाच पद्धतीने शिकलात, चुकाही एकाच पद्धतीने करता. सेंटरच्या बाहेर चहाच्या टपरीवर उभे राहून तुम्ही जी उत्तरं जुळवलीत, त्यातली किती टिकली ते काल पाहिलंस.

आणि व्हीएआरसी. वीस प्रश्न, दहा बरोबर. तुला सर्वांत जास्त भरवसा इथेच होता, आणि सर्वांत मोठा खड्डाही इथेच पडला. उताऱ्यावरच्या प्रश्नात शेवटी दोन पर्याय उरतात. दोन्ही बरे वाटतात, एक जरा जास्त बरा वाटतो, त्यावर टिक करून माणूस पुढे जातो. दोन मिनिटांनी त्याला विचारलं तर तो शपथेवर सांगेल की उत्तर पक्कं होतं. दोनांत अडकलो होतो ही आठवणच पुसली जाते. काल मी तुला प्रत्येक प्रश्नावर विचारलं, इथे दुसरा कुठला पर्याय मनात होता? वीसपैकी नऊ प्रश्नांवर तू तो पटकन सांगितलास. म्हणजे मनात होता. घरी जाताना तू त्याला सोयीस्करपणे विसरलास.

किराणा दुकानदारसुद्धा रात्री गल्ला मोजताना रोकड वेगळी लावतो आणि उधारी वेगळ्या वहीत लिहितो. तू सगळी उधारी रोकडीत मोजलीस.

काल संध्याकाळी मग आपण तेच सेहेचाळीस प्रश्न तीन ढिगांत वाटले. पक्के, दोनांत अडकलेले आणि अंदाजपंचे. पक्के निघाले २४, दोनांतले १४, अंदाजपंचे ८. आता वहीत लिही, कारण हे तुला पेपर संपल्यावर पाच मिनिटांत करता आलं असतं. चार पर्याय, बरोबरला तीन, चुकीला उणे एक: डोळे मिटून मारलेल्या चार प्रश्नांत सरासरी एक बरोबर येतो, तीन जातात, हाती शून्य. म्हणजे त्या आठ प्रश्नांचे गुण शून्य धर. दोनांत अडकलेल्या प्रश्नाचा सरासरी एक गुण, म्हणजे चौदाचे चौदा. उरले पक्के चोवीस. ते तरी सगळे बरोबर येतात का? तुझ्या मागच्या मॉक काढून पाहिल्या, 'पक्के' म्हटलेल्या दहांत दोन चुकतात. एकोणीस बरोबर, पाच चूक, ५७ वजा ५, बावन्न. बावन्न आणि चौदा, सहासष्ट. टीटाला उणे गुण नाहीत म्हणून हिशेब इकडेतिकडे होईल, पण होऊन होऊन किती? खरे पडले चौसष्ट.

बघितलंस? अंदाज करता येतो. तुला तो करायचा नव्हता.

आणि एक आकडा सांगून मोकळंही होऊ नये. ते दोनांतले चौदा प्रश्न घे. दैव फिरलं आणि पाचच आले, तर १५ वजा ९, सहा गुण. साथ दिली आणि नऊ आले, तर २७ वजा ५, बावीस. नुसत्या त्या एका ढिगाने सहासष्टाचे अठ्ठावन्न होतात किंवा चौऱ्याहत्तर. म्हणून वडिलांना सांगायचं ते असं: "बाबा, अठ्ठावन्न ते चौऱ्याहत्तरच्या दरम्यान." त्यात कमीपणा काय आहे? ते बँकेत गेले असते तेही हे गृहीत धरून गेले असते.

आता गुणांवरून पर्सेंटाइलवर उडी मारायची घाई. तू म्हणतोस, "सर, आमचा स्लॉट कठीण होता, नॉर्मलायझेशनमध्ये वाढतील." तीन स्लॉटच्या पेपरांची काठिण्यपातळी एका पट्टीवर आणायला नॉर्मलायझेशन आहे. पेपर तुला कठीण गेला याची भरपाई त्यात नाही. तुझ्याच स्लॉटमधल्या बाकीच्यांना तो बरा गेला असेल तर तुला एक गुणही मिळायचा नाही. आणि बाकीच्यांना कसा गेला, हे तुला ग्रुपवरच्या चाळीस पोरांवरून ठरवता येत नाही. त्या प्रेडिक्टरचंही तेच आहे, त्यात गुण कोण भरतं? ज्याला आपला पेपर बरा गेल्यासारखं वाटतं तो. ज्याचा कोसळला तो साइट उघडतसुद्धा नाही.

२०२४ मध्ये साधारण २ लाख ९३ हजार मुलं कॅटला बसली. एक पर्सेंटाइल म्हणजे जवळजवळ २,९०० माणसं. प्रेडिक्टरमध्ये दोन गुण वाढवून तू ज्यांच्या पुढे गेलास, ती खरी मुलं आहेत, त्यांनीही दोन-दोन वर्षं घासली आहेत. आणि एकूण पर्सेंटाइल घेऊन करणार काय? आयआयएम तिन्ही विभागांचे वेगळे कट-ऑफ लावतात, अहमदाबाद तर दहावी-बारावीच्या गुणांनाही वजन देते. व्हीएआरसीत तेवीस गुण आहेत तुझे. एकूण बेरीज उराशी धरून बसलास आणि त्या तेविसाकडे अजून एकदाही बघितलं नाहीस.

मला राग कशाचा आहे, ते आता ऐक. २०२३ मध्ये कॅट २६ नोव्हेंबरला झाली आणि निकाल २१ डिसेंबरला लागला. २०२४ मध्ये परीक्षा २४ नोव्हेंबरला, निकाल १९ डिसेंबरला. दोन्ही वेळा मध्ये पंचवीस दिवस. हे दिवस दरवर्षी तुमच्यासारखी हुशार पोरं जाळतात. एमबीएच्या दुसऱ्या प्रवेश परीक्षा तोंडावर असतात: याच दिवसांत स्नॅप येते, जानेवारीच्या पहिल्या रविवारी झॅट उभी असते आणि पुढे महाराष्ट्राची सीईटी. १०२ च्या भरवशावर तू स्नॅपचं ॲडमिट कार्डसुद्धा काढलं नाहीस. सहासष्ट हा आकडा रविवारीच कागदावर लिहिला असतास, तर सोमवारी सकाळी तू अभ्यासाला बसला असतास. खोट्या अंदाजाने तुझं नुकसान झालं ते हे. गुण तर काहीही केलं तरी तेवढेच पडणार होते.

सीईटीला तरी शहाणा हो. तिथे दोनशे प्रश्न, दीडशे मिनिटं, प्रश्नाला पाऊण मिनिट. उणे गुण नाहीत, म्हणून शेवटच्या मिनिटाला सगळे जण सगळं भरतात. "दोनशे अटेम्प्ट केले" म्हणून बाहेर येऊन सांगणारी मुलं मला दरवर्षी भेटतात. पाच पर्याय धरले आणि चाळीस प्रश्न डोळे मिटून भरले तर आठ बरोबर येतील. ते आठ तुलाही मिळतील आणि शेजारच्यालाही. तेव्हा जमनालाल बजाज इन्स्टिट्यूटची स्वप्नं बघताना अटेम्प्ट मोजू नकोस, वाचून सोडवलेले किती आणि नुसते भरलेले किती ते मोज.

झॅटचा हिशेब आणखी निराळा आहे. चुकीला पाव गुण जातो, आणि आठपेक्षा जास्त प्रश्न सोडलेस तर पुढच्या प्रत्येक कोऱ्या प्रश्नाला एक दशांश गुण कापतात. कॅटमध्ये कोरा सोडायची सवय लागलेल्याला तिथे ठेच लागते. पाच पर्यायांत अंदाजपंचे मारलेल्या प्रश्नाची सरासरी किती येते, आठ कोरे झाल्यानंतर मारणं बरं की सोडणं बरं, हे मी सांगणार नाही. ते तू आज काढून आणायचं आहेस.

शनिवारी सकाळी मॉक आहे. प्रत्येक प्रश्न सोडवल्यावर रफ कागदावर त्याचा नंबर लिहायचा आणि पुढे तीनपैकी एक अक्षर: प, दो, अं. नंतर घरी जाऊन नव्हे, प्रश्न समोर असतानाच, कारण नंतर तू स्वतःला फसवणार हे आता तुलाही माहीत आहे. 'सबमिट' दाबलंस की गुण उघडायच्या आधी आकडा काढायचा, वरचा आणि खालचा दोन्ही, तारीख घालायची, आणि तो कागद माझ्या टेबलावर आणून ठेवायचा. मग गुण बघायचे. दोन्हींमध्ये दहापेक्षा जास्त फरक पडला तर 'प' लिहिलेला एकेक चुकलेला प्रश्न माझ्यासमोर पुन्हा सोडवायचा, तो का पक्का वाटला होता ते सांगत. कितीही वेळ लागू दे, मी थांबेन.

आता वडिलांना फोन लाव. चौसष्ट सांग, पर्सेंटाइल अजून यायचं आहे म्हणून सांग आणि कर्जाचं जरा थांबवा म्हणावं. मग ॲडमिट कार्ड काढ, दुकानातून प्रिंट घे आणि दुपारी दोनला वही घेऊन वर्गात ये.