समुद्रगाय हत्तीची आजी नव्हे

२०२१ च्या ऑक्टोबरात ओडिशा-छत्तीसगडकडून आलेला रानहत्तींचा कळप गडचिरोलीत शिरला आणि पुढच्या वर्षी गोंदिया जिल्ह्याच्या अर्जुनी मोरगाव तालुक्यापर्यंत पोचला. धानाच्या बांध्या तुडवल्या गेल्या, घरं पडली, पंचनामे झाले. कामठ्यापासून केशोरीपर्यंतच्या या तलाव-बोड्यांच्या मुलखात हत्ती हा एकाएकी रोजच्या बोलण्याचा विषय झाला. अशा वेळी माहितीची गरज भागवायला पुस्तकांआधी फोनवरच्या चित्रफिती हजर असतात. त्या छातीठोकपणे सांगतात की हत्ती मुळात पाण्यातला प्राणी, समुद्रगाय ही त्याची पूर्वज, सोंड ही पाण्याखालून श्वास घ्यायची नळी, आणि म्हणूनच तलाव दिसला की हत्ती त्यात उतरतो.

तलावात उतरण्याचं कारण इतकं दूरचं नाही. हत्तीच्या अंगभर घामाच्या ग्रंथी नसतात. एवढं मोठं धूड उन्हात थंड ठेवायचं तर पाणी आणि चिखल लागतोच. त्यासाठी सहा कोटी वर्षं मागे जायची गरज नाही.

राहिला नात्याचा प्रश्न. नातं खरं आहे, वंशावळ चुकीची आहे. हत्ती आणि समुद्रगाय यांचा पूर्वज एक होता, पण तो हत्तीही नव्हता आणि समुद्रगायही नव्हता. चुलतभावाला कुणी आजोबा म्हणत नाही, इथे मात्र ही गफलत सर्रास होते. शिवाय ती आजची नाही. कोण कुणाचा नातलग आणि कोण पाण्यात राहत होता, हे दोन वेगळे प्रश्न आहेत. गेल्या दोनशे वर्षांत अभ्यासकांनीही ते जेव्हा जेव्हा एकत्र केले, तेव्हा तेव्हा ते फसले.

लिनिअसने १७५८ मध्ये हत्ती, मॅनाटी ही समुद्रगाय, स्लॉथ, मुंगीखाऊ आणि खवल्या मांजर एकाच गणात टाकले होते. पुढचे दात नसणं ही त्याची कसोटी होती. हत्तीचे सुळे हे त्याचे पुढचेच दात असल्याने ती कसोटी तिथेच मोडते. म्हणून हत्ती-मॅनाटी शेजारी आले तरी त्याचं श्रेय लिनिअसला देता येत नाही. क्युव्हिएने १८१७ मध्ये समुद्रगायींना ‘शाकाहारी देवमासे’ ठरवलं. आडवी शेपटी, वल्ह्यासारखे पुढचे पाय, मागचे पाय गायब, राहणं पाण्यात, एवढं त्याला पुरेसं वाटलं. आपल्या काळातला सर्वांत मोठा शरीरशास्त्रज्ञ पाण्यामुळे चकला. त्याच्या आदल्याच वर्षी ब्लाँव्हिलने समुद्रगायी हत्तींच्या पंगतीला बसवल्या होत्या, पण क्युव्हिएच्या दबदब्यापुढे ते मत बराच काळ मागे पडलं.

ब्लाँव्हिलचं म्हणणं आज का पटतं, हे मॅनाटीच्या शरीराशी जाऊन पाहावं. बहुतेक मॅनाटींच्या पुढच्या वल्ह्याच्या टोकाला तीन-चार नखं असतात, पोहायला त्यांचा काडीचा उपयोग नाही. आचळं दोनच आणि ती पोटाखाली नसून पुढच्या पायांच्या बगलेत, हत्तिणीच्या आचळांच्या जागेशी जुळणारी. नराची वृषणं दोन्ही प्राण्यांत पोटाच्या आत. हृदयाचं टोकही दोघांत दुभंगलेलं. ड्युगाँग या दुसऱ्या समुद्रगायीच्या नराला सुळेही येतात आणि तेही पुढच्या दातांचेच.

पुढचा पल्ला झपाट्याने ओलांडायला हरकत नाही. १९०१ मध्ये अँड्र्यूजला इजिप्तच्या फय्यूममध्ये मोरिथेरियम हा आदिम हत्तीकुळातला प्राणी सापडला. १९४५ मध्ये सिम्प्सनने हत्ती, समुद्रगायी आणि हायरॅक्स यांचा एक गट बांधला. हायरॅक्स म्हणजे आफ्रिका आणि पश्चिम आशियातल्या खडकांत राहणारा सशाएवढा प्राणी. १९८१ मध्ये डोळ्याच्या भिंगातल्या प्रथिनाने हीच सोयरीक दाखवली आणि वर आर्डवार्क हा वाळवी खाणारा प्राणीही त्यात आणला. १९९८ मध्ये डीएनएच्या आधारे या सगळ्या आफ्रिकी गोतावळ्याला ‘अ‍ॅफ्रोथेरिया’ हे नाव मिळालं. यात आता फारसा वाद उरलेला नाही.

वाद आहे तो मधल्या एका वळणावर, आणि ते वळण भारताच्या दारातून जातं.

१९७५ मध्ये मॅकेनाने हत्ती आणि समुद्रगायींच्या जोडगोळीला टेथिस समुद्राचं नाव दिलं. एका बाजूला आफ्रिका आणि भारत, दुसऱ्या बाजूला युरेशिया, आणि मध्ये पसरलेला हा समुद्र. त्याच्या तळाचा गाळ आज हिमालयात उंच चढून बसला आहे. नाव पडलं तसं लक्षही किनाऱ्याकडे वळलं. त्या किनाऱ्यावर उमेदवारही तयार होता. जम्मूतल्या कालाकोट परिसरातून आणि पाकिस्तानातून अँथ्रॅकोब्युनिड नावाच्या प्राण्यांचे जबडे आणि दात मिळत होते. काळ सुमारे पावणेपाच कोटी वर्षांपूर्वीचा. दाढांवर बुटके, गोल उंचवटे, अगदी आदिम हत्तीकुळात शोभावेत असे. १९८३ मध्ये वेल्स आणि जिंजरिच यांनी त्यांना थेट हत्तींच्या गणात घेतलं. हत्ती आणि समुद्रगायी यांची मुळं भारतीय उपखंडाच्या किनाऱ्यावर आहेत, हे चित्र त्यानंतर जवळपास तीस वर्षं टिकलं.

२०१४ मध्ये ते कोसळलं. लिसा कूपर, हान्स थेविसन, आपल्या रुडकीच्या आयआयटीतले सुनील बाजपेयी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी भारत-पाकिस्तानातले नवे नमुने अभ्यासले. आता केवळ दात नव्हते, सांगाड्याची इतर हाडंही होती. निष्कर्ष असा निघाला की अँथ्रॅकोब्युनिड हे घोडा, गेंडा आणि टापीर यांच्या कुळाच्या बुंध्यावरचे प्राणी आहेत. दातांतल्या समस्थानिकांनी सांगितलं की ते चरत जमिनीवर, पण बराच वेळ पाण्याजवळ काढत. त्याच वर्षी सुरत जिल्ह्यातल्या वस्तान लिग्नाइट खाणीतल्या कँबेथेरियमचा अभ्यास प्रसिद्ध झाला आणि तोही प्राणी घोडा-गेंड्यांच्याच मुळाशी जाऊन बसला.

ही घटना जवळजवळ सगळीकडे चुकीची सांगितली जाते. डीएनएने हाडांना हरवलं, असं तिचं सार काढलं जातं. १९९८ नंतर आशियाई उगम अडचणीत आला हे खरं, पण तेवढ्याने अँथ्रॅकोब्युनिड हलले नव्हते. त्यांचा डीएनए कुठून मिळणार? त्यांना हलवलं ते जास्तीच्या हाडांनी, आणि त्या हाडांवर काम करणाऱ्यांत याच उपखंडातले अभ्यासक होते. हत्तीचं आजोळ आपल्याकडे, हा मान सोडून देणारा निबंध भारतीय शास्त्रज्ञाच्या सहीने निघाला, याचा अभिमान वाटायला हवा. प्रत्येक गोष्टीचा उगम इथलाच असल्याचे दावे दररोज ऐकू येत असताना तर जास्तच.

आणि फसगत कशामुळे झाली होती? पुन्हा किनाऱ्यामुळे. समुद्रगायी पाण्यात, हत्ती त्यांचे नातलग, हे प्राणी टेथिसच्या काठावरचे, म्हणजे तेही त्याच कुळातले, असं ते साखळीने जुळत गेलं. दाढांची ठेवण वेगवेगळ्या कुळांत स्वतंत्रपणे सारखी होऊ शकते, ही शक्यता त्या साखळीत मागे राहिली.

दरम्यान मोरोक्कोत एमॅन्युएल गीरब्रां यांना फॉस्फेटच्या खाणींमधून हत्तीकुळाचे खरोखर जुने सभासद मिळत होते. १९९६ मध्ये फॉस्फाथेरियम आणि २००९ मध्ये सुमारे सहा कोटी वर्षांपूर्वीचं एरिथेरियम. वजन जेमतेम पाच-सहा किलो, म्हणजे अंगणातल्या मांजराहून थोडं जास्त. ते थर समुद्री आहेत, शार्कच्या दातांनी भरलेले. पण जमिनीवरच्या प्राण्याचा मृतदेहही नदीबरोबर समुद्रात वाहून जातो, तेव्हा थर समुद्री म्हणून प्राणी समुद्री ठरत नाही.

पाण्याच्या बाजूने बोलणारे पुरावे आहेत आणि ते झाकून ठेवणं बरोबर नाही. १९९९ मध्ये आफ्रिकी हत्तीच्या भ्रूणांच्या मूत्रपिंडात पाण्यातल्या प्राण्यांची आठवण देणाऱ्या नळ्या दिसल्या. २००८ मध्ये फय्यूमच्या मोरिथेरियम आणि बॅरिथेरियम या आदिम हत्तीकुळातल्या प्राण्यांच्या दातांतल्या समस्थानिकांवरून ते अर्धजलचर असल्याचं दिसलं. २०१३ मध्ये स्नायूंत प्राणवायू धरून ठेवणाऱ्या मायोग्लोबिनवरून हत्ती, समुद्रगायी आणि हायरॅक्स यांचा समान पूर्वज थोडाफार पाण्यात वावरत असावा असा अंदाज निघाला. यातला शेवटचा पुरावा सर्वांत वजनदार आहे. तो मान्य केला तरी चित्रफितीतली गोष्ट सिद्ध होत नाही. तोच पूर्वज कोरड्या खडकांवर उन्ह खात बसणाऱ्या हायरॅक्सचाही आहे, त्याला कुणी समुद्रातून आलेला म्हणत नाही. पोटातली वृषणंही पुष्कळदा पाण्याचा पुरावा म्हणून पुढे केली जातात, पण ती हायरॅक्सलाही आहेत आणि वाळूत बिळं करणाऱ्या सोनेरी चिचुंद्रीलाही.

सोंडेचं तर अगदीच जुळत नाही. मोरिथेरियम सुमारे पावणेचार कोटी वर्षांपूर्वीचं, म्हणजे एरिथेरियमनंतर दोन कोटी वर्षांहून अधिक काळाने आलेलं, आणि आजच्या हत्तींकडे येणाऱ्या वाटेवरचं नव्हे, बाजूच्या फांदीवरचं. त्याच्या कवटीतल्या नाकाच्या छिद्राची जागा पाहता त्याला सोंड नव्हती, फार तर लवचीक वरचा ओठ असावा. पाण्यात राहणाऱ्याला नळी नाही आणि नळीवाला जमिनीवर, मग नळी पाण्यासाठी तयार झाली हे कसं मानायचं?

दातांचा दाखला याहून लोकप्रिय आहे. हत्तीची दाढ मागून पुढे सरकते, पुढची झिजून तुकड्यांनी गळते आणि मागची जागा घेते. जबड्याच्या प्रत्येक बाजूला आयुष्यभरात अशा सहा. सहावी झिजली की म्हाताऱ्या हत्तीला चारा चावता येत नाही. मॅनाटीच्या दाढाही मागून पुढे सरकतात, पण लहान आकाराच्या आणि मरेपर्यंत न संपणाऱ्या. हे साम्य वारशाने आलं असं वाटणं साहजिक आहे. पण आदिम हत्तींचे दात आपल्यासारखेच खालून वर येत, म्हणजे ही पद्धत दोन्ही घरांत स्वतंत्रपणे आली. नातं दाखवणारी खूण नखांमध्ये आणि आचळांमध्ये आहे, सर्वांत डोळ्यांत भरणाऱ्या या साम्यात नाही.

हत्तीचा सर्वांत जवळचा जिवंत नातलग समुद्रगायच, हेही वाटतं तितकं ठाम नाही. हत्ती, समुद्रगाय आणि हायरॅक्स या तीन शाखा इतक्या थोड्या काळात फुटल्या की कोणत्या दोघांचं नातं जास्त जवळचं, यावर वेगवेगळे जनुकीय अभ्यास वेगवेगळं उत्तर देतात.

या सगळ्यात गोंदियाच्या जमिनीला सांगण्यासारखं काही नाही. कामठ्याजवळच्या आमगावचं नाव ज्या नाइस खडकाला मिळालं आहे, तो दोनशे कोटी वर्षांहून जुना आहे, सस्तन प्राण्यांच्या कितीतरी आधीचा. भारताचा खरा हिस्सा आहे तो कच्छमध्ये. तिथल्या बाबिया टेकड्यांच्या परिसरात आणि आसपासच्या थरांत सव्वाचार कोटी वर्षांपूर्वीच्या समुद्रगायी मिळतात. बाजपेयी आणि समुद्रगायींचे अभ्यासक डॉम्निंग यांनी १९९७ मध्ये कच्छमधल्याच, पण बऱ्याच नंतरच्या थरातल्या एका वंशाला ‘भारतीसायरन’ हे नाव दिलं. या समुद्रगायी पूर्ण पाण्यातल्या, गवत खाणाऱ्या, हत्तींपासून केव्हाच वेगळ्या झालेल्या. चार पायांवर चालणारी समुद्रगाय, डॉम्निंगने २००१ मध्ये जगासमोर आणलेली पेझोसायरन, ती मिळाली जमैकात. आफ्रिकेपासून जमैकापर्यंत आणि कच्छपर्यंत त्या कशा पसरल्या, हा प्रश्न आज खुला आहे. त्याचं उत्तर शोधायला लागणारे थर आपल्या ताब्यात आहेत, आणि लिग्नाइटसाठी ते रोज खणले जात आहेत.