साक्ष आणि निवाडा

सुरतेच्या लिंबायत भागात खानदेशातून आलेली मराठी वस्ती मोठी आहे. तेथील एखाद्या तरुणाने उद्या स्वतःवरच चित्रपट काढला आणि घरात अहिराणी, शाळेत मराठी व बाजारात गुजराती बोलणारा मी कोण, असे त्यात विचारले, तर त्यास अहंकार म्हणावे काय? आम्हां वकिलांस हा प्रश्न निराळा दिसतो. स्वतःच्या दाव्यात पक्षकाराला साक्ष देता येते. निवाडा करता येत नाही. स्वतःचेच चित्रण कापणारा-जोडणारा कलावंत मात्र दोन्ही कामे एकटाच करतो. भय असेल तर तेथे आहे.

दादासाहेब फाळके यांच्या १९१९ सालच्या ‘कालिया मर्दन’मध्ये कृष्ण झाली होती त्यांची लहानगी कन्या मंदाकिनी. (लळितातील देवाच्या सोंगाला हात जोडणाऱ्या आपल्या लोकांस त्यात काय नवल!) परंतु कथेपूर्वी फाळक्यांनी तिचा साधा चेहरा दाखविला, त्यावर उमटणारे निरनिराळे भाव दाखविले, आणि मगच तिला कृष्ण होऊ दिले. कन्या आणि कृष्ण यांमधला सांधा त्यांनी झाकला नाही. निवाडा प्रेक्षकांवर सोपविला. लिंबायतच्या तरुणानेही एका भाषेतून दुसरीत जाताना अडखळलेली आपली जीभ चित्रपटात राहू द्यावी. ती कापून टाकली, तर ती साक्ष आम्ही तरी ग्राह्य धरणार नाही.