अकरावी सही

गेल्या महिन्यात आमच्या सोसायटीच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर एक पीडीएफ आली. शेजारच्या प्लॉटवर परवानगीपेक्षा जास्त मजले चढलेत, तीन वर्षं तक्रारी करूनही संबंधित कार्यालय नोटिशीपलीकडे जात नाही, म्हणून आता उच्च न्यायालयात याचिका. खाली सह्यांची यादी. माझं नाव अकरावं.

मी सही टाळली. आमच्याकडे स्वयंपाकाला येणाऱ्या मावशी त्याच इमारतीत भाड्याने राहतात. मुळशी तालुक्याच्या या हिंजवडी-माण पट्ट्यात त्यांना परवडणारी खोली अशाच ठिकाणी मिळते. शिवाय आमच्याच सोसायटीत किती बाल्कन्या बंद करून खोल्या केल्यात, हे मला माहीत आहे. मग बोट कुणाकडे दाखवायचं?

'लोक राहायला आलेत, आता राहू द्या,' हा युक्तिवाद माणुसकीचा वाटतो. मुळशीला तो नवा नाही. लवासाच्या परवानग्यांना आव्हान देणारी जनहित याचिका मुंबई उच्च न्यायालयाने फेब्रुवारी 2022मध्ये निकाली काढली. काही आक्षेपांत तथ्य असल्याचं नोंदवूनही, आव्हान द्यायला फार उशीर झाला म्हणून हस्तक्षेप केला नाही. प्रकल्प उभा राहिला होता, लोकांचे पैसे गुंतले होते.

पण दर वेळी तसं होत नाही. वरळीच्या कॅम्पा कोला कंपाउंडमध्ये परवानगी पाच मजल्यांची होती, एक इमारत वीसपर्यंत गेली. लोक पंचवीसेक वर्षं राहत होते. तरी 2013मध्ये सर्वोच्च न्यायालयाने वरचे मजले नियमित करायला नकार दिला आणि जून 2014मध्ये त्या घरांचं पाणी, वीज, गॅस तोडायला महापालिकेची माणसं दारात उभी राहिली. आपल्या शेजारच्या चिखलीत, इंद्रायणीच्या निळ्या पूररेषेत बांधलेले 36 बंगले मे 2025मध्ये पाडले गेले. 17 डिसेंबर 2024च्या निकालात तर सर्वोच्च न्यायालयाने स्पष्टच म्हटलं, की बांधकाम जुनं आहे, त्यात पैसा गुंतलाय किंवा अधिकारी गप्प बसले होते, एवढ्याने बेकायदा बांधकाम कायदेशीर होत नाही.

ही प्रकरणं शेजारी शेजारी ठेवली, तेव्हा मला एक गोष्ट दिसली. निकाल कोणताही लागो, मधल्या काळात बिल्डर पैसे घेऊन बाहेर पडलेला असतो. पाया खणला जात असताना काम थांबलं, तर नुकसान त्याचं होतं. लोक राहायला आल्यावर थांबलं, तर ते राहणाऱ्यांचं होतं. म्हणजे कार्यालय 'काहीच करत नाही' हे खरं नाही. ते रोज थोडं थोडं नुकसान एकाच्या खांद्यावरून दुसऱ्याच्या खांद्यावर सरकवत असतं. आणि तीन वर्षांपूर्वी खांब उभे राहताना गप्प बसलेला मीही त्याला हातभार लावत होतो. तेव्हा तक्रार केली असती तर मावशींचं काहीच बिघडलं नसतं, कारण त्या तिथे नव्हत्याच.

पीडीएफ पुन्हा वाचली. याचिका इमारतीविरुद्ध नव्हतीच, कार्यालयाविरुद्ध होती. 'तुमचं काम ठरलेल्या मुदतीत करा,' एवढाच आदेश मागितला होता. नोव्हेंबर 2024च्या बुलडोझरविषयक निकालात सर्वोच्च न्यायालयाने पाडण्याआधी किमान 15 दिवसांची नोटीस आणि बाजू मांडायची संधी सांगितली आहे. पण त्याच निकालात एक अपवादही आहे. पाडण्याचा आदेश न्यायालयाचाच असेल, तर ही अट लागू नाही. म्हणजे आमच्यासारख्यांनी कोर्टात काय मागायचं, हेही जपून ठरवायला हवं.

सही करण्याआधी मावशींना सांगितलं. न सांगता करणं मला जमलं नसतं. कणीक मळता मळता त्या म्हणाल्या, "करा की दादा. तिथं पाणी चढत नाही, जिन्याला कठडा नाही. पण माझं डिपॉझिट कोण देणार?"

मी ग्रुपवर लिहिलं : भाडेकरूंचं म्हणणं ऐकून घ्यावं आणि ज्यांनी नोटिसा दाबून ठेवल्या त्यांची जबाबदारी ठरवावी, या दोन मागण्या याचिकेत घाला, मी सही करतो. आपल्या बंद बाल्कन्यांचाही विषय पुढच्या मीटिंगला घेऊ.

पहिल्या दोन मागण्यांवर बरेच अंगठे आले. बाल्कन्यांवर एकही नाही. वकिलांनी मसुदा बदलला, मी सही केली. मावशींच्या प्रश्नाचं उत्तर अजून माझ्याकडे नाही. आमची बाल्कनी मात्र या रविवारी उघडतोय.