अभय द्यायचं असतं



आजचं चिंतन : भगवद्गीता, अध्याय १६, श्लोक १

दैवी गुण सांगताना भगवंत सुरुवात करतात ती 'अभय' या गुणापासून. इतकी वर्षं मी त्याचा अर्थ 'मला भीती वाटत नाही' एवढाच घेत होतो. काल रात्री ॲन फ्रँकच्या कुटुंबाबद्दल वाचत बसलो आणि तो अर्थ अपुरा वाटायला लागला.

६ जुलै १९४२. नाझींच्या ताब्यातलं ॲमस्टरडॅम. ऑटो फ्रँक बायको-मुलींना घेऊन आपल्याच कंपनीच्या ऑफिसमागच्या भागात लपले. पुढे आणखी चौघं आले. आठ ज्यू माणसं, दोन वर्षांहून जास्त काळ. दिवसा खाली गोदामात कामगार असायचे, तेव्हा नळ सोडायचा नाही, पावलं वाजवायची नाहीत. तरी तिथे घर होतं. मुलींचा अभ्यास चालायचा. हनुक्काच्या सणाला मेणबत्त्या लागल्या; टंचाई म्हणून दहाच मिनिटं. आणि भिंतीवर पेन्सिलीने मुलींची उंची नोंदवली जायची. त्या काळात ॲन १३ सेंटिमीटरहून जास्त वाढली!

हे सगळं चाललं ऑफिसमधल्या मोजक्या सहकाऱ्यांच्या जिवावर. ऑटोंनी विचारलं तेव्हा मीप गीस लगेच हो म्हणाल्या. भाजी, पुस्तकं, बाहेरच्या बातम्या घेऊन त्या वर जायच्या. भीती वाटत नसेल? वाटतच असणार. तरी जायच्या.

४ ऑगस्ट १९४४ ला धाड पडली. दोन सहकारीही तुरुंगात गेले. आठांपैकी फक्त ऑटो जिवंत परतले.

मग अभयाचं काय झालं? इथे मी खूप वेळ अडकलो. सोपं उत्तर माझ्याकडे नाही. पण भिंतीवरच्या त्या रेघा आजही आहेत. कोणीतरी जिना चढत राहिलं, म्हणून त्या मुली तेवढ्या तरी वाढल्या.

मागच्या महिन्यात आमच्या सोसायटीच्या मीटिंगमध्ये एका कुटुंबाला फ्लॅट भाड्याने द्यायचा नाही असं ठरलं. कारण? फक्त आडनाव. मी मोबाइलमध्ये डोकं घालून बसलो. माझा जीव जाणार नव्हता. फार तर चार शेजारी रुसले असते. तेवढंही झेपलं नाही. आणि त्याच सकाळी मी सोळावा अध्याय वाचला होता!

आजचा संकल्प : रविवारी पुन्हा मीटिंग आहे. विषय मीच काढणार. आवाज कापेल. कापू दे.

राम कृष्ण हरी!